दस्तीआडचं गाणं

उस्तादांच्या तेराव्याला त्यांच्या गावी, उमरीच्या अलीकडं, पुतण्यानं आपला मोबाईल एका छोट्या स्पीकरला जोडला आणि जमलेल्यांना काकांचं गाणं ऐकवलं. गाणं सुरू झालं तशी मांडवातली माणसं गप्प झाली. बायांनी पदर डोळ्यांना लावला. एक म्हातारा तालावर मान हलवायला लागला, मग आपण कुठं बसलोय ते आठवून थांबला. मी आणि रऊफभाई मागच्या सतरंजीवर होतो. आम्ही एकमेकांकडं बघितलं आणि लगेच नजर दुसरीकडं वळवली. कारण वाजत होतं ते गाणं चुकीचं होतं, आणि ते उस्तादांनी स्वतः, जाणूनबुजून, समोर कुणाचा तरी मोबाईल वर आलेला पाहून चुकवलेलं होतं. आज नेटवर त्या गाण्याची जेवढी म्हणून रेकॉर्डिंग सापडतात ती सगळी तशीच आहेत. हे पुतण्याला सांगायचं की नाही यावर परतीच्या गाडीत आमचा वाद झाला, आणि शेवटी आम्ही सांगितलं नाही.

उस्ताद हे त्यांचं नाव नव्हे. नाव सांगितलेलं त्यांना आवडलं नसतं, म्हणून सांगत नाही. रऊफभाई त्यांना उस्ताद म्हणायचे, म्हणून मीही म्हणायला लागलो. त्यात आदर किती आणि चेष्टा किती हे आम्हा दोघांनाही कधी नीट ठरवता आलं नाही. ते गिटार वाजवायचे, गाणी लिहायचे आणि स्वतःच गायचे. गाणी मराठीत, तीही आमच्या इकडच्या मराठीत, आणि बाज सगळा रॉकचा. आम्हाला गणपतीत, कॉलेजच्या गॅदरिंगला किंवा एखाद्या पुढाऱ्याच्या वाढदिवसाला बोलवायचे ते ऑर्केस्ट्रा समजून. दुसरं गाणं संपायच्या आत खालून चिठ्ठी यायची, 'एखादं भक्तिगीत होऊ द्या.' उस्ताद चिठ्ठी वाचायचे, उलटी करून मागं काही लिहिलंय का बघायचे आणि खिशात ठेवायचे. कार्यक्रम झाल्यावर आम्हाला विचारायचे, "हे अक्षर कुणाचं हाय, वळखू येतं का?"

बँड म्हणजे आम्ही तिघंच. रऊफभाईंचं नांदेडला गाड्यांच्या सीट कव्हरचं दुकान, वडिलांपासूनचं. ते ड्रम वाजवायचे. मी लातूरला एका खाजगी क्लासमध्ये फिजिक्स शिकवतो आणि कॉलेजात असताना लागलेल्या नादापायी बेस गिटार वाजवतो. क्लासमध्ये दर रविवारी टेस्ट असते आणि कॉपी पकडायचं काम माझ्याकडं असतं. पोरानं मान कुठल्या बाजूला आणि कशासाठी वळवली हे मला पाठीमागून कळतं. त्यामुळं संशयाचं मला काही नवल नाही. माझा निम्मा पगार त्याचाच आहे. पण उस्तादांसमोर मी अगदीच कच्चा निघालो.

पहिल्या भेटीतच त्यांनी मला विचारलं, "सर, तुम्ही क्लासवाले. लिहून तर घेत न्हाई ना?"

"काय लिहून घेणार?"

"नोट्स. तुम्हा लोकायला सवय असते. कुणी काई बोललं का काढ नोट्स, वाट झेरॉक्स."

मी दोन्ही हात वर करून दाखवले. तरी त्यांनी माझ्या शर्टाच्या खिशातला पेन काढून टीव्हीवर ठेवला आणि मगच गिटारीची पिशवी उघडली.

त्यांची शिकवायची पद्धत जगावेगळी होती. माझा भाग ते मला लातूरला माझ्या घरी येऊन शिकवायचे, रऊफभाईंचा भाग नांदेडला दुकान बंद झाल्यावर. तिघांनी मिळून तालीम कधीच नाही. माझ्यासमोर ते गिटार वाजवायचेच नाहीत, नुसते तोंडानं "इथं चार येळा हे, मग थांबा, मग माझ्या मानेकडं बघा" असं सांगायचे. पूर्ण गाणं जोडलं जायचं ते थेट स्टेजवर. म्हणजे लोक जेव्हा पहिल्यांदा ऐकत असायचे तेव्हाच आम्हीही पहिल्यांदा ऐकत असायचो. एकदा मी आणि रऊफभाईंनी फोनवरच गाणं जुळवायचा प्रयत्न केला. तिकडं ते गल्ल्यावर बोटं आपटत होते, इकडं मी 'धूम धूम' करत होतो. बायको आतून बघून गेली. काही जुळेना, कारण मधलं सगळं उस्तादांकडं होतं.

"सर, ये आदमी अपने को आधा-आधा बिस्कुट देता," रऊफभाई म्हणाले. "पूरा पुडा अपने पास रखता."

आणि दस्ती. दस्ती म्हणजे आमच्याकडं हातरुमाल, पण उस्तादांची चांगली हातभर होती, निळ्या चौकटीची. तिचं एक टोक ते कपड्यांच्या चिमट्यानं गिटारीच्या डोक्याला लावायचे आणि दुसरं स्वतःच्या बाहीला. डावा हात सगळा त्या पडद्याआड. कुठल्या तारेवर कुठलं बोट आहे हे कुणाला दिसू नये म्हणून. कॉलेजच्या पोरांना ती स्टाईल वाटायची. एवढ्यानं भागायचं नाही. गिटारीचा मोठा तुकडा आला की ते लोकांकडं पाठ करून रऊफभाईंकडं तोंड करायचे. नांदेडच्या एका नगरसेवकाला तो स्वतःचा अपमान वाटला होता आणि त्याची समजूत घालायला रऊफभाईंना आठवडाभर त्याच्या घरी जावं लागलं होतं. कार्यक्रम संपला की उस्ताद पहिलं काम काय करायचे, तर सगळ्या खुंट्या फिरवून तारा ढिल्या. गिटार कुणाच्या हाती लागली तरी ती कशी लावली होती हे कळता कामा नये. पुढच्या कार्यक्रमाआधी ते गाडीच्या काचा वर करून आत बसून ती परत लावायचे आणि घामाघूम होऊन बाहेर यायचे.

"गाणं चोरायला हात लागत न्हाई सर," ते म्हणायचे, "कान लागतो. आन कान तर समद्यालाच हाय."

नांदेडला त्यांनी भाड्याच्या खोल्या इतक्या वेळा बदलल्या की रऊफभाईंनी पत्ता पाठ करणं सोडून दिलं होतं. एक खोली तर त्यांनी पोपटापायी सोडली. घरमालकिणीचा पोपट होता. एक दिवस तो म्हणे उस्तादांच्या नव्या गाण्याची सुरुवात शिट्टीवर वाजवत होता. आम्ही दोघं जाऊन तो पोपट ऐकून आलो. आम्हाला तरी तो जगातल्या कुठल्याही पोपटासारखीच शिट्टी मारतोय असं वाटलं. उस्ताद म्हणाले, "तुमच्यासमोर बरोबर मारंल का तो?" आणि त्या महिन्याच्या शेवटी सामान हलवलं. ते गाणंही त्यांनी पुन्हा कधी वाजवलं नाही.

मग प्रश्न राहिला की हा माणूस गाणी बसवतो कुठं. रऊफभाईंना वेगळाच संशय. उस्ताद अधूनमधून गिटार घेऊन गायब व्हायचे, विचारलं तर "लातूरला होतो" सांगायचे, आणि लातूरला तर मी होतो. रऊफभाईंना वाटलं की त्यांचा दुसरा बँड आहे. आपल्याला अर्धा बिस्कुट आणि तिकडं पूर्ण पुडा. शेवटी ते एकदा मुदखेडला पाहुण्यांकडं गेले असताना त्यांना उस्ताद स्टेशनवर दिसले. फलाटाच्या पार टोकाला, शेवटच्या बाकावर, गिटार मांडीवर. रऊफभाई पाण्याच्या टाकीमागं उभं राहून बघत राहिले. बराच वेळ उस्ताद नुसते बसून होते. मग मालगाडी आली. ती धडधडत फलाटाशेजारून जायला लागली तसा उस्तादांनी हात चालवायला सुरुवात केली, तोंडानं गायलाही लागले. शेवटचा डबा गेला, आणि हे एकदम थांबले. हात तारांवर तसाच. पुढची मालगाडी येईपर्यंत पुतळा.

मुदखेड जंक्शन, मालगाड्यांना तोटा नाही. त्या गोंगाटात शेजारच्या बाकावरच्या माणसालाही काही ऐकू जाणार नाही, असा हिशेब. हे ऐकल्यावर मला त्यांच्या गाण्यांचं कोडं सुटलं. त्यांची सगळी गाणी एकदम कानठळ्या बसवत सुरू व्हायची, बराच वेळ तशीच चालायची आणि मधेच टक्क थांबायची. पूर्ण शांतता. लोकांना वाटायचं लाईट गेली. मी ते कलात्मक काहीतरी समजत होतो.

आता हा एवढा संशय आला कुठून? उस्ताद सांगायचे, हैदराबादेतून. तरुणपणी ते नांदेड सोडून हैदराबादला गेले होते, तिथं बँड होता, हॉटेलांत वाजवायचे, नाव होत होतं. तिथं त्यांचं एक गाणं चोरीला गेलं आणि पुढं ते एका सिनेमात आलं. ही गोष्ट त्यांनी आम्हाला तीन प्रकारे सांगितली होती. एकदा गाणं चोरलं ते बँडमधल्या गायकानं. एकदा स्टुडिओतल्या मशीनवाल्यानं. आणि एकदा चक्क स्टुडिओच्या वॉचमननं. कुठलं गाणं, कुठला सिनेमा, हे कधीच सांगितलं नाही. सांगितलं तर आम्ही ते ऐकणार, आणि ऐकलं की चोराचं भलं होणार. दर वेळी चोर बदलायचा, म्हणून मी मनातल्या मनात त्या उत्तराला शून्य मार्क दिले होते. रऊफभाईही म्हणायचे, "हैदराबाद गये थे, ये सच है. बाकी अल्ला जाने."

ज्या गाण्यामुळं पुढचं सगळं घडलं, ते माझ्या घरी जन्मलं. लातूरात नळाला पाणी कधी येईल याचा भरवसा नसतो. त्या उन्हाळ्यात तर बरेच दिवस नळ कोरडे होते. उस्ताद माझ्याकडं शिकवायला आले होते, आणि गल्लीतून कुणीतरी ओरडलं, "पाणी सुटलं!" झालं. बायको पीठ मळत होती, ती तशीच उठली. मी बेस पलंगावर टाकला. बादल्या, घागरी, टिपाडं, पातेली, कुकरचे डबे, सगळं रांगेत. नळ उघडला तर आधी नुसती हवा. फुस्स करून आतून श्वास टाकावा तसा आवाज. शेजारच्या काकू नळाला कान लावून बसल्या. गल्लीतल्या प्रत्येक घरातून तोच प्रश्न, "आलं का?" आणि तेच उत्तर, "न्हाई."

पाणी काही आलं नाही. कुणीतरी उगीच ओरडलं होतं. तासाभरानं आम्ही आत आलो तर उस्ताद तिथंच बसलेले, गिटारीवर दस्ती टाकलेली, आणि आमच्याकडं असे बघताहेत की जणू आम्ही चोरी करायलाच आत शिरलोय.

"तुम्ही काई ऐकलं का?" त्यांनी विचारलं.

"आम्ही पाणी भरायला गेलो होतो," मी म्हणालो.

बायकोनं रिकामी बादली जोरात खाली ठेवली. "भाऊजी, गाणं पळून जात नव्हतं. एक टिपाड उचलू लागला असता तर बरं झालं असतं."

उस्ताद ओशाळले. माझ्या बायकोला मात्र ते घाबरायचे, आणि माझा असा अंदाज आहे की त्यांना जिचा संशय येत नव्हता अशी ती एकटीच व्यक्ती होती.

त्या गाण्याचे शब्द असे होते:

नळाला कान लावून बसली अख्खी गल्ली,
आत कुणीतरी श्वास घेतंय, एवढीच खबर आली.
पाणी सुटलं का?
न्हाई.

'सुटलं का' ला सूर वर चढायचा आणि 'न्हाई' ला खाली दाणकन आपटायचा. असं दोनतीनदा. शेवटच्या वेळी 'सुटलं का' चा सूर वर चढून तिथंच राहायचा, आणि मग त्यांची ती मुदखेडची शांतता. 'न्हाई' ते म्हणायचेच नाहीत. त्या शांततेत उभं राहणं फार अवघड होतं. मी बेसवर हात दाबून उभा असायचो आणि मला शेजारच्या काकू नळाला कान लावून बसलेल्या दिसायच्या. मला हे गाणं फार आवडायचं. उस्तादांना मी हे सांगितलं तेव्हा ते म्हणाले, "का? कशासाठी आवडतं?" आणि महिनाभर मला नवीन काही शिकवलं नाही.

एव्हाना प्रत्येकाच्या हातात मोबाईल आला होता. आता नुसती दस्ती काय कामाची? तेव्हा उस्तादांनी नवा उपाय काढला. गाणं चालू असताना समोर मोबाईल वर आला की ते तिथल्या तिथं गाणं चुकवायचे. शब्द बदलायचे, सूर भलतीकडं न्यायचे. चोराला न्यायचंच असेल तर नासका माल न्यावा. आम्हा दोघांना मागून धावावं लागायचं.

नांदेडच्या एका गॅदरिंगला पहिल्याच रांगेत एका पोरीनं मोबाईल वर केला. उस्तादांनी तो पाठ फिरवता फिरवता पाहिला. गाणं अगदी शेवटच्या 'सुटलं का' वर आलेलं. मी श्वास रोखून शांततेची वाट बघत होतो, तर उस्ताद एकदम वरातीच्या चालीत सुरू झाले, "सुटलं रे सुटलं! पाणी सुटलं!" रऊफभाईंनी हसू दाबत ठेका धरला. मीही एक मात्रा उशिरा पोचलो. पोरं खुर्च्यांवर उभी राहून नाचली. उस्तादांच्या आयुष्यातला तो सगळ्यात गाजलेला कार्यक्रम. स्टेजवरून उतरताना ते समाधानानं म्हणाले, "घेऊन जा म्हणावं आता."

आणि नेलं. तो व्हिडिओ फिरला. मग लातूरच्या कुण्या डीजेवाल्यानं त्यातलं 'सुटलं रे सुटलं' तेवढं कापून घेतलं, त्याला आपला धबडगा जोडला, आणि ते गाणं वरातींत, मिरवणुकींत वाजायला लागलं. पाण्याचा टँकर गल्लीत शिरला की पोरं तेच ओरडायची. मूळ व्हिडिओत वाजवणारा माणूस कोण, हे कुणालाच कळत नव्हतं, कारण त्यात उस्तादांची फक्त पाठ दिसते आणि दस्तीचं एक टोक.

उस्तादांनी हे हसण्यावारी नेलं. खरं सांगायचं तर ते खूष होते. वरात जवळून गेली की आम्हाला कोपरानं ढोसायचे. "नासकं नेलं बघा. बरोबरचं हितं हाय," आणि छातीवर हात ठेवायचे. त्यांची एकच इच्छा होती, ती त्यांनी मला एकदा हळूच सांगितली. बरोबरचं गाणं एकदा भरल्या सभेत, चुकवावं न लागता, शेवटच्या शांततेपर्यंत वाजवायचं. आणि लोकांनी म्हणायचं, हे ह्यांचं.

मला वाटलं, हे मी जमवून देऊ शकतो. आमच्या क्लासचा निरोप समारंभ होता. क्लासमध्ये पोरांना मोबाईलची बंदी. गेटवरच्या पेटीत सगळे मोबाईल जमा होतात, आणि त्या पेटीची किल्ली माझ्याकडं. लातूर जिल्ह्यात हजार पोरं बसलीत आणि एकाच्याही हातात मोबाईल नाही, अशी दुसरी जागा सापडली नसती. उस्ताद आले, पेटी स्वतः बघितली, कुलूप ओढून बघितलं. मग गाडीत बसून काचा वर करून गिटार लावली.

त्या दिवशी त्यांनी जसं वाजवलं तसं मी त्यांना कधी ऐकलं नव्हतं. पाठ केली नाही. दस्ती होती, पण चेहरा समोर. पहिला 'सुटलं का' आला, आणि पोरांनी ओळखलं. टाळ्या, शिट्ट्या. उस्तादांचा चेहरा उजळला. 'न्हाई' आपटला तशी पोरं जरा गोंधळली. दुसऱ्या वेळी मागून आवाज आला, "चुकलं!" मग दुसरा, "काका, सुटलं रे म्हणा!" उस्ताद डोळे मिटून गात होते. शेवटचा सूर वर गेला, थांबला, आणि आमची ती शांतता आली. ती शांतता हजार पोरांनी मिळून भरून काढली.

"ओरिजिनल! ओरिजिनल वाजवा!"

पुढच्या रांगेतली एक हुशार मुलगी, माझीच विद्यार्थिनी, उभी राहिली. अगदी अदबीनं म्हणाली, "सर, हे दुसऱ्याचं गाणं घेतलंय यांनी. आणि चाल पण चुकीची करून राहिलेत. नाव तरी सांगायचं ओरिजिनलवाल्याचं."

मी माईककडं निघालो. मला ओरडून सांगायचं होतं की अगं, ओरिजिनलवाला हाच आहे. पण सांगून पटवणार कशानं? व्हिडिओत पाठ. गाण्यावर नाव नाही. साक्षीदार आम्ही दोघं, आणि आम्ही त्यांचेच. तेवढ्यात उस्तादांनी माईक स्वतः हातात धरला.

"बरोबर हाय बाई," ते म्हणाले. "मला वरिजनल तेवढं येत न्हाई. जमंल तसं वाजवतो."

आणि त्यांनी 'सुटलं रे सुटलं' वाजवलं. पोरं नाचली, छतापर्यंत उड्या मारल्या. मी बेस वाजवत होतो आणि मला रडू येत होतं. लाज वाटायचं काही कारण नाही म्हणून सांगतो.

परत जाताना मला घरी सोडायचं म्हणून आम्ही तिघं एकाच गाडीत होतो. मग रऊफभाईंना राहवेना.

"उस्ताद, केस कर देंगे. मेरे भांजे का दोस्त वकील है."

"कशाची केस?" उस्ताद खिडकीतून बाहेर बघत म्हणाले. "जे नेलं ते माझं न्हाई, ते नासकं हाय. जे माझं हाय ते कुणी नेलंच न्हाई. चोरी झाली कुठं?"

जरा वेळानं उस्तादच पुन्हा बोलले, कुणाला सांगितल्यासारखं नाही, नुसतंच.

"हैदराबादेत बी असंच झालतं. मी माझं गाणं वाजवून राहिलो, आन टेबलावरचा माणूस म्हणला, अरे, वो पिच्चरवाला बजा ना ठीक से."

ह्या वेळी गोष्टीत गायक नव्हता, मशीनवाला नव्हता, वॉचमन नव्हता. चोरच नव्हता. म्हणून मला ती खरी वाटली. इतकी वर्षं त्यांना नक्की कुणी लुटलं हे त्यांनाही माहीत नव्हतं, आणि म्हणून ते प्रत्येकाकडं तसं बघत होते. घरी पोचेपर्यंत माझ्या मनातून हे गेलं नाही. उस्तादांनी मात्र त्या दिवशी तारा ढिल्या केल्याच. सवयीनं.

त्यानंतर आम्ही फारसं वाजवलं नाही. बोलावणी यायची ती 'ते सुटलं रे वाजवणारे' म्हणून, आणि उस्ताद जायचे नाहीत. ते उमरीकडं गावी, भावाकडं राहायला गेले. मग गेल्या उन्हाळ्यात एका दुपारी माझ्या दारात उभे. गिटार पाठीला, दस्ती गळ्यात. न कळवता आले होते, तेही नेहमीसारखंच.

बायकोनं पाणी दिलं. ते पाणी पिऊन म्हणाले, "सर, डाव्या हाताची दोन बोटं सुन्न पडून राहिलीत. डॉक्टर म्हणतो मानेची नस. डॉक्टरवर माझा भरोसा न्हाई, पर बोटं खोटं बोलत न्हाईत. मोबाईल काढा."

"कशाला?"

"ते बरोबरचं एकदा रेकॉर्ड करून ठेवा."

मला वाटलं मी चुकीचं ऐकलं. त्यांनी दस्ती काढून घडी घालून मांडीवर ठेवली. त्यांचा डावा हात वाजवताना मी पहिल्यांदाच बघत होतो. साधा हात होता. बोटांच्या टोकांना घट्टे. त्यातल्या बऱ्याच कॉर्ड, म्हणजे तारांवरच्या बोटांच्या जागा, मला येत होत्या, आणि ही गोष्ट मी त्यांना अजिबात कळू दिली नाही.

मी मोबाईल चहाच्या ट्रेला टेकवून उभा केला आणि बटण दाबलं. उस्ताद गायला लागले. सगळं बरोबर चाललं होतं. शेवटचा 'सुटलं का' आला, सूर वर चढला, आणि त्यांची बोटं आपोआप खाली घसरली. "सुटलं रे सुटलं." ते दचकून थांबले. हाताकडं बघितलं.

"पुन्हा लावा."

पुन्हा तेच. त्यांनी मला मोबाईल उलटा ठेवायला सांगितला. तरी तेच. मग त्यांनी दस्ती उचलली आणि मोबाईलवरच झाकली. पूर्वी हात दस्तीआड असायचा, आता मोबाईल. पण बोटांना ठाऊक होतं खाली काय आहे. इतक्या वर्षांची शिस्त; मोबाईल समोर आहे म्हटल्यावर ती खरं वाजवायला तयारच होईनात. उस्तादांच्या कपाळावर घाम आला. मी उगीच म्हणालो, "राहू द्या, नंतर करू."

बायको स्वयंपाकघराच्या दारात उभी राहून बघत होती. ती पुढं आली, दस्तीसकट मोबाईल उचलला, रेकॉर्डिंग बंद केलं, आत गेली आणि तांदळाच्या डब्यात टाकून झाकण लावलं. झाकणाचा आवाज बाहेर आला.

"वाजवा आता भाऊजी," ती म्हणाली.

आणि उस्तादांनी वाजवलं. पहिल्या ओळीपासून. नळाला कान लावलेली गल्ली, आतला तो श्वास, 'सुटलं का', 'न्हाई'. सुन्न बोटं एकदोनदा अडखळली, पण चुकली नाहीत. शेवटचा सूर वर गेला आणि तिथंच राहिला. मग शांतता. मोरीतला नळ उघडाच होता, कोरडा. बायको नळाकडं बघत होती, मी उस्तादांकडं. त्या शांततेत कुणीही काही ओरडलं नाही. ती पुरी होईपर्यंत आम्ही तिघं तसेच राहिलो, आणि ते गाणं त्यानंतर कुणीच ऐकलेलं नाही.

उस्तादांनी गिटार बाजूला ठेवली. चेहऱ्यावर इतकं समाधान होतं की मला वाटलं आता ते काहीतरी चांगलं बोलतील. त्यांनी माझ्याकडं बघितलं, आणि हळूहळू त्यांचे डोळे बारीक झाले.

"सर," ते म्हणाले, "खिशात दुसरा मोबाईल तर न्हाई ना?"

नव्हता. मी उठून दोन्ही खिसे उलटे करून दाखवले. आजवर इतक्या पोरांचे खिसे तपासले, पण खिशात काहीतरी सापडावं असं मला त्या दुपारी पहिल्यांदा वाटलं.